गिरणीचे दार : निषेधाचा हक्क आणि येण्याजाण्याची वाट

संप म्हटला की डोळ्यांसमोर प्रथम उभे राहते ते कारखान्याचे दार. दाराबाहेर फलक घेऊन उभे असलेले कामगार, दाराच्या आत रखवालदार, बाजूला पोलिसांची गाडी, आणि आत जावे की परत फिरावे या विवंचनेत पडलेला एखादा बदली कामगार. मालक म्हणतो, "कारखाना माझा आहे, माल आणि माणसे आतबाहेर करण्याची माझी वाट मोकळी ठेवा." कामगार म्हणतात, "दाराशी उभे राहण्याचीही मुभा आम्हांस नसेल, तर आमचे गाऱ्हाणे कोणाच्या कानी पडणार?" दोन्ही म्हणणी सकृद्दर्शनी न्याय्य वाटतात. म्हणूनच त्यांचा मेळ कसा घालावा हा प्रश्न अवघड होऊन बसतो. या प्रश्नाला भारतीय कायद्याने कोणते उत्तर दिले आहे, त्या उत्तरामागील तत्त्व कोणते आणि त्यात उणीव कोठे राहिली आहे, याचे विवेचन प्रस्तुत लेखात करावयाचे आहे.

दाराच्या दोन्ही बाजू

हा प्रश्न केवळ मालक व कामगार या दोघांचा आहे असे समजणे ही पहिली चूक होय. दाराशी तिसराही एक माणूस असतो. संपात सामील नसलेला, किंवा सामील होण्याची ऐपत नसलेला, असा तो कामगार. मुंबईच्या गिरण्यांतील अस्पृश्य कामगारांना या तिसऱ्या माणसाची स्थिती पुरेपूर ठाऊक होती.

त्या काळी गिरण्यांच्या विणकाम खात्यात अस्पृश्यांना प्रवेश नसे. विणकाम खात्यातील मजुरी इतर खात्यांच्या मानाने अधिक होती. धोट्यातील कांडी बदलताना सूत तोंडाने ओढून घ्यावे लागे, आणि अस्पृश्याच्या तोंडाचा स्पर्श झालेले सूत आपण हाताळणार नाही, असे सवर्ण कामगारांचे म्हणणे असे. ही बंदी मालकाने घातलेली नव्हती. ती सहकारी कामगारांनी चालविलेली होती आणि मालकाने ती निमूटपणे मान्य केलेली होती. १९२८ साली मुंबईच्या गिरणी कामगारांचा मोठा सार्वत्रिक संप झाला, तेव्हा डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी हा प्रश्न संपाच्या पुढाऱ्यांसमोर मांडला. सर्व खात्यांत काम करण्याचा अस्पृश्यांचा हक्क तुम्ही मान्य करणार नसाल, तर आमच्या लोकांनी तुमच्या संपात का राहावे, असा त्यांचा रोकडा सवाल होता. पुढाऱ्यांनी ती मागणी नाखुशीनेच स्वीकारली.

या प्रसंगावरून एक गोष्ट स्पष्ट होते. आत जाऊ इच्छिणारा प्रत्येक माणूस फितूर नसतो. त्याच्या मागे उपासमार असेल, कर्ज असेल, किंवा संघटनेनेच त्याला आजवर परके मानले असेल. त्याला अडविण्यापूर्वी त्याचे मन वळविणे, आणि मन वळविण्यापूर्वी त्याचे म्हणणे ऐकणे, हे संघटनेचे कर्तव्य ठरते.

संप हा गुन्हा आहे काय?

दाराच्या एका बाजूचा हा विचार झाला. आता दुसऱ्या बाजूकडे वळू.

१८५९ च्या एका कायद्यानुसार, आगाऊ पैसे घेऊन काम अर्धवट सोडणाऱ्या कारागिराला व मजुराला फौजदारी शिक्षा होऊ शके. म्हणजे कराराचा भंग मालकाने केला तर दिवाणी दावा, आणि मजुराने केला तर तुरुंग, अशी ती विषम व्यवस्था होती. १९२५ साली तो कायदा रद्द करण्याचे ठरले. त्यानंतर लगेच, १९२६ साली, ट्रेड युनियन कायदा झाला. त्याच्या कलम १७ अन्वये, संघटनेच्या कायदेशीर उद्दिष्टांसाठी कामगारांनी आपसांत केलेला करार हा गुन्हेगारी कट मानला जाणार नाही असे ठरले. मात्र तो करार एखादा गुन्हा करण्याचाच असेल, तर हे संरक्षण मिळणार नव्हते. कलम १८ अन्वये, संपामुळे मालकाच्या धंद्यात व्यत्यय आला किंवा कोणी नोकरीचा करार मोडण्यास प्रवृत्त झाला, एवढ्याच कारणाने नोंदणीकृत संघटनेवर दिवाणी दावा चालणार नाही अशी तरतूद झाली.

या दोन कलमांचा आशय नीट समजून घेतला पाहिजे. संपाने मालकाचे नुकसान होते, हे कायद्याला ठाऊकच आहे. नुकसान होणार नसेल तर तो संप कसला? कायद्याने ते नुकसान सहन करण्याजोगे मानले आहे. व्यापारात हानी होऊ नये असा निरपवाद हक्क मालकाला नाही. १९७५ साली रोहतास इंडस्ट्रीजच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने बेकायदेशीर संपाबद्दलसुद्धा कामगारांकडून नुकसानभरपाई वसूल करण्याचा लवादाचा निवाडा टिकू दिला नाही. औद्योगिक कलहाच्या कायद्याने ज्या उपाययोजना सांगितल्या आहेत त्यांपलीकडे मालकाला जाता येणार नाही, हे त्यातून निष्पन्न झाले.

याच मुद्द्यावर १९३८ साली मुंबई विधानसभेत फार मोठे वादंग झाले. तत्कालीन प्रांतिक सरकारने औद्योगिक कलहाचे विधेयक आणले. तडजोडीची ठरावीक प्रक्रिया पुरी होण्यापूर्वी केलेला संप बेकायदेशीर आणि शिक्षेस पात्र ठरविण्याची त्यात योजना होती. स्वतंत्र मजूर पक्षाचे नेते या नात्याने बाबासाहेबांनी या विधेयकावर घणाघाती टीका केली. त्यांच्या प्रतिपादनाचा सारांश असा : नोकरीचा करार मोडणे हा दिवाणी स्वरूपाचा दोष आहे, तो गुन्हा नव्हे. माणसाला त्याच्या इच्छेविरुद्ध काम करावयास लावणे आणि नकार दिल्यास शिक्षा देणे म्हणजे त्याला गुलाम करणे होय. संप करण्याचा हक्क हा स्वातंत्र्याच्या हक्काचेच दुसरे नाव आहे. ७ नोव्हेंबर १९३८ रोजी या विधेयकाच्या निषेधार्थ मुंबईत एक दिवसाचा संप झाला आणि त्यात पोलिसांनी गोळीबारही केला. विधेयक मात्र मंजूर झाले.

या भूमिकेतून आणखी एक निष्कर्ष निघतो असे प्रस्तुत लेखकास वाटते. संपाचा पाया जर व्यक्तीचे स्वातंत्र्य हा असेल, तर त्याच पायावर दुसऱ्या कामगाराचे कामावर जाण्याचे स्वातंत्र्यही उभे आहे. ज्या तत्त्वाच्या आधारे मी काम थांबवितो, त्याच तत्त्वाने मला दुसऱ्याला बळाने थांबविण्यापासून रोखले पाहिजे. एक मान्य करून दुसरे नाकारता येत नाही.

न्यायालयांनी आखलेली रेषा

भारतीय संविधानाच्या अनुच्छेद १९ ने भाषणाचे, शांततेने व विनाशस्त्र एकत्र जमण्याचे आणि संघटना स्थापण्याचे स्वातंत्र्य दिले आहे. त्या स्वातंत्र्यांत संपाचा हक्क अंतर्भूत आहे काय, हा प्रश्न न्यायालयांपुढे वारंवार आला. अखिल भारतीय बँक कर्मचारी संघाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने असे ठरविले की, संघटना स्थापण्याचा हक्क मूलभूत असला तरी परिणामकारक संप करण्याचा हक्क त्यातून आपोआप निघत नाही. १९६२ च्या कामेश्वर प्रसाद प्रकरणात मात्र बिहार सरकारने आपल्या नोकरांवर घातलेली निदर्शनांची सरसकट बंदी न्यायालयाने घटनाबाह्य ठरविली. निदर्शने हा मत व्यक्त करण्याचाच एक प्रकार आहे आणि शांततापूर्ण निदर्शनांना संविधानाचे संरक्षण आहे, हे तत्त्व तेथे प्रस्थापित झाले. संप हा कायद्याने दिलेला हक्क आहे, तर शांततेने निषेध नोंदविणे हा मूलभूत हक्क आहे, असा हा भेद होय.

निषेधाची जागा कोणती, हा पुढचा प्रश्न. १९६९ च्या रेल्वे बोर्ड विरुद्ध निरंजन सिंग या प्रकरणात न्यायालयाने सांगितले की, बोलण्याचे व जमण्याचे स्वातंत्र्य म्हणजे दुसऱ्याच्या मालकीच्या जागेत सभा भरविण्याचा हक्क नव्हे. मालक आपल्या आवारात सभा घेण्यास मनाई करू शकतो. उलट सार्वजनिक रस्त्याची गोष्ट वेगळी. १९७२ साली अहमदाबादमधून आलेल्या हिंमतलाल शाह यांच्या प्रकरणात न्यायालयाने असे म्हटले की, रस्त्यावरील सभांचे नियमन करता येईल. पण परवानगी देणे न देणे हे सर्वस्वी अधिकाऱ्याच्या मर्जीवर सोडता येणार नाही. या दोन निर्णयांमुळे कारखान्याचे दार ही जणू सीमारेषा झाली. दाराच्या आत मालकाचा शब्द चालतो. दाराबाहेरच्या रस्त्यावर नागरिकाचा हक्क चालतो, तोही इतर नागरिकांच्या वाटेला बाध न आणता.

आणि ही सीमा ओलांडणाऱ्याला किंवा ओलांडू न देणाऱ्याला काय म्हणावयाचे? १९६७ साली पश्चिम बंगालमध्ये घेरावाचे पर्व आले. व्यवस्थापकांना त्यांच्याच कचेरीत तासन्‌तास कोंडून ठेवण्यात येई. अशा वेळी पोलिसांनी आपण होऊन हस्तक्षेप न करता आधी कामगार मंत्र्यांकडे विचारणा करावी, अशी परिपत्रके तेथील संयुक्त आघाडीच्या सरकारने काढली. जय इंजिनिअरिंग वर्क्सच्या प्रकरणात कलकत्ता उच्च न्यायालयाने ती परिपत्रके रद्द केली. माणसाला त्याच्या वाटेने जाऊ न देणे हा गैरनिरोध आणि त्याला एका जागी कोंडून ठेवणे हा गैरपरिरोध. हे दोन्ही फौजदारी गुन्हे आहेत, आणि ट्रेड युनियन कायद्याचे संरक्षण गुन्ह्याला मिळत नाही, असा त्या निर्णयाचा मथितार्थ होता. १ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहितेची जागा भारतीय न्याय संहितेने घेतली असली, तरी हे दोन्ही गुन्हे तिच्या कलम १२६ व १२७ मध्ये कायम आहेत.

सारांश, कायद्याने आखलेली रेषा माणसाच्या शरीरापाशी येऊन थांबते. शब्दाने अडविणे मान्य आहे, देहाने अडविणे मान्य नाही.

महाराष्ट्राचा १९७१ चा कायदा

या रेषेची सर्वांत रेखीव मांडणी महाराष्ट्रात झाली. कामगार संघटनांना मान्यता देण्याबाबत आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करण्याबाबत राज्याने १९७१ साली एक कायदा केला व तो १९७५ पासून अमलात आणला. संपात नसलेल्या कामगारांना शारीरिकदृष्ट्या आत जाताच येणार नाही अशा रीतीने दाराशी पहारा ठेवणे, व्यवस्थापनातील व्यक्तींना घेराव घालणे, कामाची वेळ संपल्यावर आवारात ठाण मांडून बसणे, मालकाच्या वा अधिकाऱ्याच्या राहत्या घरासमोर निदर्शने करणे, या गोष्टी संघटनेच्या अनुचित प्रथा म्हणून त्यात नमूद झाल्या. यातील शब्दयोजना लक्षात घेण्यासारखी आहे. दाराशी पहारा ठेवणे एवढ्यानेच ती अनुचित प्रथा होत नाही. प्रवेश प्रत्यक्ष अशक्य करून सोडणे हीच अनुचित प्रथा.

परंतु हा कायदा एकतर्फी नव्हता. जो संप बेकायदेशीर नाही अशा संपाच्या काळात नवी भरती करणे, संप मोडण्यासाठी नियमित स्वरूपाचे काम कंत्राटदाराकडे सोपविणे, कायदेशीर संपानंतर कामावर परतणाऱ्यांकडून चांगल्या वर्तणुकीचे हमीपत्र सक्तीने लिहून घेणे, या मालकाच्या अनुचित प्रथा म्हणून त्यात समाविष्ट होत्या. म्हणजे मोकळ्या ठेवलेल्या वाटेने मालकाने काय आत आणावे, यालाही कायद्याने मर्यादा घातली. वाट धंद्यासाठी आहे. संपकऱ्याची जागा कायमची भरून काढण्यासाठी नाही.

मनाईहुकूम आणि मीटर

व्यवहारात हा वाद बहुधा तात्पुरत्या मनाईहुकुमाच्या रूपाने न्यायालयात येतो. न्यायाधीश तीन गोष्टी पाहतात : अर्जदाराची बाजू प्रथमदर्शनी खरी दिसते काय, हुकूम न दिल्यास भरून न येणारी हानी होईल काय, आणि सोयीचा तोल कोणाकडे झुकतो. त्यानंतर दारापासून कधी ५०, कधी १०० मीटरच्या आत निदर्शने करू नयेत, असा हुकूम होतो.

मीटरच्या या मापात एक मेख आहे. कित्येक कारखान्यांचे दार अरुंद रस्त्यावर किंवा औद्योगिक वसाहतीच्या आडवळणावर असते. तेथून १०० मीटर मागे सरकविलेले कामगार दुसऱ्याच कारखान्यासमोर जाऊन पडतात. पाळी बदलताना आत जाणारा सहकारी त्यांना दिसत नाही, आणि त्यांचा फलक त्याला वाचता येत नाही. हक्क कागदावर शिल्लक राहतो. त्याचा श्रोता मात्र नाहीसा होतो. उलट पक्षी, दोनशे माणसे खांद्याला खांदा लावून दारापर्यंत मूकपणे उभी राहिली, तर कोणी कोणाला हात लावला नाही तरी त्या रांगांमधून एकट्या कंत्राटी स्त्री कामगाराला जाण्याचे धैर्य होणार नाही. केवळ संख्येचाही धाक असतो.

म्हणून अंतराऐवजी दोन साध्या कसोट्या लावाव्यात असे सुचवावेसे वाटते. पहिली, एकट्यादुकट्या माणसाला भीती न बाळगता आत जाता येते काय? दुसरी, जाताना निदर्शकांचे म्हणणे त्याला ऐकू येते व वाचता येते काय? ज्या व्यवस्थेत दोन्ही उत्तरे होकारार्थी येतात ती व्यवस्था न्याय्य होय. वाटेची ठरावीक रुंदी मोकळी ठेवणे, दाराजवळ मोजक्याच प्रतिनिधींना उभे राहू देणे व बाकीच्यांना थोड्या अंतरावर जागा देणे, मालाच्या गाड्यांसाठी वेळ ठरविणे, अग्निशमन दल व रुग्णवाहिका यांची वाट कोणत्याही परिस्थितीत न अडविणे, रात्री १० नंतर ध्वनिक्षेपक बंद ठेवणे, अशा अटींनी हे साधू शकते. हुकुमात काय करू नये याबरोबरच काय करता येईल हेही लिहिलेले असावे. नाहीतर दारावरचा पोलीस शिपाई प्रत्येक घोषणेलाच हुकुमाचा भंग समजतो.

दाराआतील वाट

येथवर आपण दाराबाहेरचा विचार केला. परंतु गाऱ्हाणे दाराबाहेर का येते? आत त्याला वाट मिळत नाही म्हणून. या प्रश्नाचे खरे मर्म येथेच आहे.

१८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईच्या गिरण्यांत सुरू झालेला संप याची साक्ष देतो. सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले. त्या वेळी लागू असलेल्या १९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्यानुसार वाटाघाटीचा अधिकार एकट्या प्रातिनिधिक संघटनेला होता. बहुसंख्य कामगार डॉ. दत्ता सामंत यांच्यामागे उभे असताना मालकाशी बोलण्याचा कायदेशीर अधिकार दुसऱ्याच संघटनेकडे राहिला, आणि संप बेकायदेशीर ठरला. कामगारांचा विश्वास ज्याच्यावर होता त्याला आत प्रवेश नव्हता, म्हणून सारा संघर्ष दाराशी येऊन पडला. त्या संपाचा विधिवत शेवट झालाच नाही. हजारो कुटुंबे देशोधडीला लागली. दाराशी कोण कोणाला अडवीत होते याची चर्चा तेव्हा पुष्कळ झाली. आतली वाट कोणी बंद केली याची तेवढी झाली नाही.

व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खाते सांभाळत असताना बाबासाहेबांनी हे ओळखले होते. १९४३ साली त्यांनी कामगार संघटनांना मालकाने मान्यता देणे सक्तीचे करणारे विधेयक मध्यवर्ती विधिमंडळात आणले. पुढे १९४७ साली त्या आशयाची दुरुस्ती मंजूर झाली, परंतु ती कधीच अमलात आणली गेली नाही. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहिता, २०२० मध्ये ५१ टक्के कामगारांचा पाठिंबा असलेल्या संघटनेला वाटाघाटीचा अधिकार दिला आहे. ही स्वागतार्ह गोष्ट म्हटली पाहिजे. पण त्याच संहितेने, पूर्वी केंद्रीय कायद्यात केवळ लोकोपयोगी सेवांना लागू असलेली संपाची पूर्वसूचना सर्व औद्योगिक आस्थापनांना लागू केली. सूचना दिल्यापासून १४ दिवस संप करता येत नाही, आणि समेटाची कार्यवाही चालू असतानाही करता येत नाही. बेकायदेशीर संपाबद्दल १,००० ते १०,००० रुपये दंड किंवा एक महिन्यापर्यंत कारावास अथवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. काम थांबविणे हा गुन्हा असावा काय, हा १९३८ चा प्रश्न आजही मिटलेला नाही.

उभयपक्षी कर्तव्य

दीघनिकायातील सिगालोवाद सुत्तात भगवान बुद्धांनी सहा दिशांचा नवा अर्थ सांगितला. त्यात अधोदिशा म्हणजे सेवक आणि कामकरी. मालकाने त्यांना झेपेल एवढेच काम द्यावे, अन्न व वेतन द्यावे, आजारपणात शुश्रूषा करावी, विशेष पदार्थ वाटून घ्यावेत आणि वेळोवेळी सुटी द्यावी. कामकऱ्यांनीही निष्ठेने काम करावे, दिलेलेच घ्यावे आणि मालकाचा लौकिक राखावा. कामकऱ्यांची कर्तव्ये सांगण्याआधी मालकाची कर्तव्ये सांगितलेली आहेत, हा क्रम अभ्यासकांनी विसरू नये. आधुनिक कारखान्यातील संबंध कराराचे आहेत, त्या काळासारखे घरोब्याचे नाहीत, हे खरे. तरीही कर्तव्ये दोन्ही बाजूंना असतात आणि ज्याच्या हाती अधिक सत्ता आहे त्याने आपल्या कर्तव्यापासून सुरुवात करावयाची असते, हे तत्त्व कराराच्या युगातही तेवढेच खरे आहे.

म्हणून मालक जेव्हा न्यायालयाकडे वाट मोकळी करून मागतो, तेव्हा त्याला एक प्रश्न विचारला गेला पाहिजे : गाऱ्हाणे घेऊन येणाऱ्यासाठी तुम्ही कोणती वाट मोकळी ठेवली होती? आणि संघटना जेव्हा दाराशी उभी राहते, तेव्हा तिने स्वतःस विचारावे : ज्याला आम्ही थांबवू पाहतो, त्याला आम्ही आजवर आपल्यात घेतले होते काय? या दोन्ही प्रश्नांची उत्तरे ज्या कारखान्यात प्रामाणिकपणे दिली जातात, तेथे दाराशी पोलिसांची गाडी उभी करण्याची वेळ सहसा येत नाही.